दृश्य, द्रष्टा आणि कॅमेरा

‘डॉक्युमेंटरी’ या शब्दासाठी मराठीत दोन प्रतिशब्द रूढ आहेत : माहितीपट आणि अनुबोधपट. पहिला अधिक प्रचलित असला, तरी दुसरा मला अधिक अर्थगर्भ वाटतो. ‘अनु’ म्हणजे मागाहून. पडद्यावरील चित्र मावळल्यानंतर, दिवे लागल्यानंतर, घरी परतताना वाटेत जो बोध हळूहळू उमलतो, तो अनुबोध. आपल्या स्वाध्यायाचेही असेच नाही काय? शास्त्रसभेत ऐकलेली गाथा त्या क्षणी केवळ कानावर पडते. तिचा अर्थ पुढे कधीतरी, एखाद्या प्रसंगाच्या ठेचेने मनात उतरतो.

आमच्या पिढीने लहानपणी अनुबोधपट पाहिले ते नाइलाजाने. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे लघुपट चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी दाखवले जात. धरणे, खते, लसीकरण, कुटुंबनियोजन असे त्यांचे विषय असत, आणि तेवढ्या वेळात खारे दाणे विकत घेऊन यावेत असा प्रेक्षकांचा शिरस्ता असे. या प्रकाराकडे मी गंभीरपणे वळलो तो निवृत्तीनंतर. सकाळी स्वाध्याय आणि संध्याकाळी एखादा अनुबोधपट असा क्रम काही वर्षे सुरू राहिला, तेव्हा माझ्या ध्यानात आले की सकाळचे ग्रंथ आणि संध्याकाळचे पट पुष्कळदा एकच प्रश्न विचारतात : आपण जे पाहतो ते खरोखर काय असते, आणि पाहणारा कोण असतो?

‘डॉक्युमेंटरी’च्या मुळाशी ‘डॉक्युमेंट’, म्हणजे दस्तऐवज आहे. ज्याचा उभा जन्म बँकेत दस्तऐवज तपासण्यात गेला, त्याला या शब्दाचे सामर्थ्य आणि मर्यादा दोन्ही ठाऊक असतात. कागदावरची सही खरी आहे की नाही, एवढे नमुन्याच्या सहीशी ताडून ठरवता येते. सही करणाऱ्याच्या मनात त्या वेळी कोणता हेतू होता, हे कोणत्याही कागदावर उमटत नाही. कॅमेऱ्याचेही तसेच आहे. मात्र जगातील काही श्रेष्ठ अनुबोधपटकारांनी या मर्यादेलाच विचाराचे साधन बनवले. त्यांच्या कामाविषयी आणि त्या अनुषंगाने आमच्या घरात घडलेल्या एका प्रसंगाविषयी आज लिहावेसे वाटते.

आरंभ १९२२ सालच्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’पासून करू. रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी कॅनडाच्या हिमप्रदेशात एका इन्युइट कुटुंबाचे जीवन चित्रित केले आणि हा पट जगभर गाजला. पुढे कळले ते असे : नायकाचे खरे नाव नानूक नव्हतेच. तेथील शिकारी तोवर बंदुका वापरू लागले होते. तरीही जुन्या भाल्यानेच शिकार करावी असे ठरवून घेतले गेले. बर्फाच्या घरात कॅमेऱ्यापुरता उजेड नव्हता, म्हणून घराची एक बाजू उघडी ठेवून कुटुंबाला आत झोपवले गेले. मग हा पट खोटा ठरतो काय? त्या थंडीचा कडाका खरा आहे, त्या माणसांचे कौशल्य खरे आहे, त्यांचे हसू खरे आहे. मात्र ‘आज हे लोक असे जगतात’ हे विधान खरे नाही. ‘यांचे पूर्वज असे जगत असत’ हे बऱ्याच अंशी खरे आहे. एकाच चित्राविषयी एका अपेक्षेने ‘आहे’ आणि दुसऱ्या अपेक्षेने ‘नाही’ म्हणावे लागते. स्याद्वादाचा अभ्यास करणाऱ्याला हे बोलणे परके वाटणार नाही. फ्लाहर्टी यांनी ‘स्यात्’ हा शब्द तेवढा उच्चारला नाही, आणि प्रेक्षकाने नयाला प्रमाण मानले.

अनेकान्ताविषयी एक गैरसमज आपल्या समाजातही आढळतो. प्रत्येकाचे थोडेथोडे बरोबर असते, तेव्हा कोणालाही चूक म्हणू नये, असा त्याचा सोयीस्कर अर्थ लावला जातो. त्यावर मला सापडलेले सर्वोत्तम उत्तर एका अमेरिकी अनुबोधपटात आहे. एरोल मॉरिस हे त्याचे दिग्दर्शक. त्यांनी तत्त्वज्ञानाचे उच्च शिक्षण घेतले होते, काही काळ खासगी गुप्तहेर म्हणूनही काम केले होते. त्यांचा ‘द थिन ब्लू लाइन’ १९८८ साली आला. नोव्हेंबर १९७६ मध्ये टेक्सासमधील डॅलस शहरात रात्रीच्या वेळी एका पोलीस शिपायाची गोळी घालून हत्या झाली. रँडल अ‍ॅडम्स नावाच्या तरुणाला मृत्युदंडाची शिक्षा झाली. पुढे ती जन्मठेपेत बदलली. त्याच्याविरुद्धचा मुख्य साक्षीदार होता एक सोळा वर्षांचा मुलगा. शिवाय, अंधारात मोटारीतून जाता जाता आपण आरोपीचा चेहरा पाहिला, असे सांगणारे काही जण होते.

मॉरिस यांनी या सर्वांना कॅमेऱ्यासमोर बोलते केले आणि प्रत्येकाच्या कथनानुसार त्या रात्रीचा प्रसंग नव्याने उभा केला. एका साक्षीत मोटारीत एकच माणूस आहे, दुसऱ्या साक्षीत दोन. कोठे केस लांब आहेत, कोठे आखूड. प्रसंग पुन्हा पुन्हा दिसतो, आणि दर वेळी वेगळा दिसतो. मॉरिस यांचे खरे मर्म पुढे आहे. त्यांना स्वतःला जे सत्य वाटत होते, त्याचे दृश्य त्यांनी एकदाही दाखवले नाही. पडद्यावर दिसतात ती केवळ माणसांची विधाने. सत्य प्रेक्षकाने त्या विधानांच्या फटींतून शोधायचे असते. शेवटच्या मुलाखतीच्या वेळी कॅमेरा बिघडला होता, म्हणून पडद्यावर फक्त एक छोटा टेपरेकॉर्डर दिसतो आणि त्यातून आवाज येतो. त्या एकेकाळच्या मुलाचा. अ‍ॅडम्स निर्दोष होता हे आपल्याला ठाऊक आहे, असे तो सुचवतो. दृश्य नाहीसे होते तेव्हाच सत्य सर्वाधिक स्पष्ट ऐकू येते. पुढच्याच वर्षी, १९८९ मध्ये, सुमारे बारा वर्षांच्या कारावासानंतर अ‍ॅडम्स मुक्त झाला.

मतिज्ञानाचे चार टप्पे आपण पाठशाळेत शिकलो आहोत : अवग्रह, ईहा, अवाय आणि धारणा. प्रथम काहीतरी आहे असे जाणवते, मग ते काय असावे याचा शोध, मग निश्चय, आणि शेवटी स्मृतीत स्थैर्य. डॅलसच्या त्या साक्षीदारांनी अवग्रहावरून थेट अवायावर उडी घेतली. अंधारात एक आकृती पाहिली आणि न्यायालयात तिचा चेहरा सांगितला. मधली ईहा गळाली, आणि एका निरपराध माणसाची बारा वर्षे गेली. मॉरिस यांनी केले ते एवढेच, की ती गळालेली ईहा परत आणली. अनेक बाजू मांडल्या त्या सत्य बुडवण्यासाठी नव्हे, तर त्याच्यापर्यंत पोहोचण्यासाठी. गोळी कोणीतरी एकानेच झाडली होती. त्याबाबतीत सर्वांचे बरोबर असणे शक्यच नव्हते. अनेकान्त म्हणजे निर्णय टाळण्याची मुभा नव्हे. निर्णयापूर्वी सर्व बाजू ऐकण्याचे ते कठोर व्रत आहे.

दुसरा पट याच्या अगदी उलट प्रकृतीचा आहे. जर्मन दिग्दर्शक फिलिप ग्रोनिंग यांनी १९८४ साली फ्रान्समधील आल्प्स पर्वतातील ‘ग्रांद शार्त्रूज’ या मठाकडे चित्रीकरणाची परवानगी मागितली. अकराव्या शतकात स्थापन झालेल्या कार्थुसियन या अत्यंत कडक ख्रिस्ती साधुपंथाचा हा मुख्य मठ. तेथील साधू बहुतांश काळ मौन पाळतात आणि आठवड्यातून एकदा एकत्र फिरायला जाताना तेवढे मोकळेपणाने बोलतात. अजून वेळ आलेली नाही, असे मठाने कळवले. वेळ आली ती सोळा वर्षांनी. मग ग्रोनिंग एकटेच तेथे सुमारे सहा महिने साधूंसारखेच राहिले. सहायक नाहीत, कृत्रिम प्रकाश नाही. २००५ मध्ये प्रदर्शित झालेल्या ‘इंटू ग्रेट सायलेन्स’ या सुमारे पावणेतीन तासांच्या पटात निवेदनही नाही. बर्फ पडते, एक वृद्ध साधू कापड कापतो, कोणी प्रार्थनेत गुडघे टेकून बसलेला असतो, घंटा वाजते.

प्रथम पाहताना अर्ध्या तासात मन चुळबुळू लागते. ‘हे काय चालले आहे?’ असे ते विचारत राहते. तासाभराने ते विचारणे थांबवते आणि केवळ पाहू लागते. आपल्या शास्त्रकारांनी उपयोगाचे दोन भेद सांगितले आहेत. वस्तूचे विशेष न पकडता होणारा सामान्य प्रतिभास म्हणजे दर्शन, आणि तिचे विशेष जाणून घेणे म्हणजे ज्ञान. आपणा छद्मस्थांच्या बाबतीत आधी दर्शन, मग ज्ञान असा क्रम असतो. व्यवहारात हा पहिला क्षण इतक्या झटकन निसटतो, की तो होता हेही कळत नाही. नाव, किंमत, उपयोग आणि आवडनिवड त्याच्यावर धावून येतात. हा पट तो क्षण थोडा लांबवतो, असे मला वाटले. अठ्ठेचाळीस मिनिटांच्या सामायिकाला बसणाऱ्यांना हा अनुभव ओळखीचा वाटेल. पंथ वेगळा, देव वेगळा, आचार वेगळा. तरी संयमाचा चेहरा ओळखू येतो. कोणतेही प्रवचन न करता हा पट ते घडवतो.

आता घरातील प्रसंगाकडे वळतो. ऑगस्ट २०१५ मध्ये राजस्थान उच्च न्यायालयाने संथारा हा आत्महत्येचा प्रकार ठरवणारा निर्णय दिला आणि त्याच महिन्याच्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली, हे वाचकांना आठवत असेल. त्या काळात वाहिन्यांवर रात्रंदिवस चर्चा चालू होत्या. अंथरुणाला खिळलेल्या एखाद्या कृश वृद्धेचे चित्र दाखवून ‘ही हत्या की मोक्ष?’ असा प्रश्न पडद्यावर झळके. त्यानंतर दोन वर्षांनी वारणाकाठच्या आमच्या गावी माझ्या आत्याने मुनिमहाराजांच्या मार्गदर्शनाखाली सल्लेखना स्वीकारली. वय नव्वदीच्या घरात, शरीर थकलेले, बुद्धी मात्र लख्ख. माझा पुतण्या तेव्हा पुण्यात चित्रीकरणाचे शिक्षण घेत होता. वाहिन्यांवरील त्या चित्रांनी तो व्यथित झालेला होता, आणि या व्रताचे खरे स्वरूप जगाला दाखवावे अशी त्याची प्रामाणिक तळमळ होती. त्याने आत्याकडे परवानगी मागितली. घरात दोन तट पडले. काहींना हे धर्मप्रभावनेचे कार्य वाटले, काहींना मर्यादाभंग.

आत्याने त्याला जवळ बसवून घेतले. “लोकांना कळावं म्हणून मी हे करत नाही, बाळ,” ती म्हणाली. “आणि तुझं ते यंत्र समोर असलं, की माझं ध्यान त्याच्याकडंच जायचं. मग माझं व्रत कुठं राहिलं?”

या साध्या बोलण्यामागे मोठा शास्त्राधार आहे. सल्लेखनेच्या अतिचारांमध्ये जगण्याच्या इच्छेइतकीच मरणाची इच्छाही दोष म्हणून गणली आहे. मरण लवकर यावे, असे वाटणेसुद्धा व्रताला डाग लावते. आत्महत्या आणि सल्लेखना यांमधील भेद नेमका येथे आहे, आणि तो परिणामांत आहे. म्हणजे अशा ठिकाणी, जेथे भिंग पोहोचत नाही. दूध सुटले, मग ताक सुटले, मग केवळ कोमट पाणी राहिले, एवढे कॅमेरा दाखवू शकेल. ते सोडताना मनात कषाय होता की समता, हे दाखवू शकणार नाही. उलट, आपण पाहिले जात आहोत, उद्या आपली वाहवा होईल, या जाणिवेने कॅमेराच एखाद्याच्या मनात नवी अभिलाषा जागवील. वाहिन्यांनी दाखवलेले चित्र या अर्थाने खोटे नव्हते, परंतु ज्या गोष्टीविषयी निर्णय द्यायचा होता, तीच त्या चित्रात नव्हती.

तरी आत्याने एका दिवसाची मुभा दिली. क्षमापनेच्या दिवसाची. आचार्य समंतभद्रांच्या रत्नकरंड श्रावकाचारात सल्लेखनेच्या आरंभी स्नेह आणि वैर दोन्ही सोडून, स्वजन-परिजनांना क्षमा करावी व त्यांची क्षमा मागावी, असे सांगितले आहे. “तेवढं घे,” ती म्हणाली, “त्यात झाकण्यासारखं काही नाही.” सोप्याच्या एका कोपऱ्यात तिपाईवर कॅमेरा लावला गेला. माणसे येत राहिली. बांधाच्या वादावरून वीस वर्षे बोलणे टाकलेले दिराचे घर आले. शेतावर राबलेल्या बाया आल्या. प्रत्येकापुढे आत्या हात जोडी आणि आठवेल ते नाव घेऊन सांगे : अमुक साली तुला टाकून बोलले होते, मनात ठेवू नकोस. शेवटी तिने कोपऱ्याकडे पाहिले. “तू राहिलास की. लहानपणी तुला एकदा विनाकारण मारलं होतं. ये इकडं.”

पुतण्या क्षणभर तेथेच थबकला. मग भिंगामागून निघून तिच्यासमोर येऊन बसला. ते चित्रीकरण आम्ही पुढे घरात पाहिले. त्यात त्याची वाकलेली पाठ दिसते, आत्याचा हात त्याच्या डोक्यावर दिसतो, आणि दोन-तीन मिनिटे कॅमेऱ्यामागे कोणीही नाही. चौकट थोडी वाकडी आहे. ती सरळ करायला कोणी उठत नाही. बाराव्या दिवशी णमोकार मंत्राच्या घोषात आत्याने देह ठेवला, तेव्हा कॅमेरा पिशवीत होता. त्या चित्रीकरणाचा पुतण्याने अनुबोधपट केला नाही. ते घरातच आहे.

त्या दोन-तीन मिनिटांनी मला एका जुन्या प्रश्नाविषयी विचार करायला लावले. आत्म्याने ज्ञाता-द्रष्टा होऊन राहावे, असे आपण म्हणतो. मग कॅमेरा हा आदर्श द्रष्टा नव्हे काय? तो रागावत नाही, लोभावत नाही, समोर येईल ते जसेच्या तसे टिपतो. परंतु त्याची तटस्थता जडाची आहे. पुद्गलाला राग-द्वेष नसतात, कारण त्याला चेतनाच नसते. वीतरागाला ते नसतात, कारण त्याने ते जिंकलेले असतात. बाहेरून सारख्या दिसणाऱ्या या दोन स्थितींत धोंडा आणि सिद्ध यांच्याइतके अंतर आहे. आणि आपण, जे अजून कोठेही पोहोचलेलो नाही, त्यांना भिंगामागे उभे राहून वीतरागतेचा आव आणता येत नाही. क्षमा मागायची असेल तर चौकटीच्या आत यावे लागते.

हाच प्रश्न फार भयंकर स्वरूपात जोशुआ ओपनहायमर यांच्या ‘द अ‍ॅक्ट ऑफ किलिंग’ या २०१२ सालच्या पटात येतो. इंडोनेशियात १९६५-६६ मध्ये कम्युनिस्ट असल्याच्या आरोपावरून लक्षावधी लोक मारले गेले. मारणाऱ्यांना कधी शिक्षा झाली नाही. उलट समाजात मान मिळाला. सुमात्रा बेटावरील मेदान शहरातील अशा काही मारेकऱ्यांना दिग्दर्शकाने सुचवले, की तुम्ही जे केले ते तुम्हाला हवे तसे अभिनय करून दाखवा. त्यांतील मुख्य व्यक्ती, अन्वर काँगो, एका इमारतीच्या गच्चीवर आपण तारेने गळा कसा आवळत असू हे हसतमुखाने दाखवतो आणि नंतर तेथेच नाचतो. पुढे एका प्रसंगात तो स्वतः बळीची भूमिका करतो. ते चित्रण पाहताना त्याच्या मनात प्रश्न उठतो : मला आता जे वाटले, तेच त्या माणसांना वाटले असेल काय? दिग्दर्शक शांतपणे उत्तरतो, की त्यांना याहून कितीतरी भयंकर वाटले असेल, कारण आपण मरणार हे त्यांना ठाऊक होते. अखेरीस तो त्याच गच्चीवर परततो आणि त्याला कोरड्या उमाळ्या येऊ लागतात.

हे प्रतिक्रमण आहे काय? मी या प्रश्नावर पुष्कळ विचार केला. प्रतिक्रमण म्हणजे मागे फिरणे, आणि हा मनुष्य अक्षरशः त्याच जागी मागे फिरलेला आहे. शरीराने जे नाकारले ते वाणीने मात्र पुरते स्वीकारले नाही. त्याने कोणाची क्षमा मागितली नाही. क्षमा करू शकणारे कोणी त्या गच्चीवर नव्हतेच. त्या उमाळ्या खऱ्या की अभिनय, याविषयीही पाहणाऱ्यांत दुमत आहे. पुन्हा आपण परिणामांच्या दाराशी येतो, आणि दार बंदच असते. पण या पटात आणखी एक गोष्ट आहे, जी मला त्या माणसाहून अधिक अस्वस्थ करते. दूरचित्रवाणीच्या एका कार्यक्रमात या मारेकऱ्यांचे कौतुक होते आणि सभागृहात टाळ्या वाजतात. आपल्याकडे हिंसा कृत, कारित आणि अनुमोदित अशी तिन्ही प्रकारची मानली आहे. टाळी वाजवणारा हात रक्ताने माखलेला नसतो, म्हणून तो निर्लेप ठरत नाही. श्रेयनामावलीत कित्येक स्थानिक सहकाऱ्यांच्या नावाऐवजी ‘अनामिक’ एवढेच लिहिलेले आहे. सत्य बोलण्याची किंमत तेथे अजून किती होती, हे त्या एका शब्दावरून कळते.

२०१४ मध्ये याच दिग्दर्शकाचा ‘द लुक ऑफ सायलेन्स’ आला. त्यात एक चष्मे करणारा मनुष्य आहे. त्याच्या थोरल्या भावाची त्या हत्याकांडात निर्घृण हत्या झाली होती. याचा जन्म नंतरचा. तो मारेकऱ्यांच्या घरी जातो, त्यांचे डोळे तपासतो, भिंगे बदलत ‘आता स्पष्ट दिसते का?’ असे विचारतो, आणि त्याच ओघात भावाविषयी विचारतो. तो सूड मागत नाही. त्यांनी फक्त एकदा पाहावे, एवढीच त्याची अपेक्षा आहे. सम्यक् दर्शन हा शब्द आपण इतका वापरतो, की त्यातील ‘दर्शन’ बोथट झाले आहे. त्या तपासणीच्या चौकटीतून पाहणाऱ्या वृद्ध डोळ्यांनी मला तो पुन्हा नव्याने वाचायला लावला.

दशलक्षण आणि पर्युषण पर्वांत आपल्या सभागृहांतून प्रवचने होतात, स्पर्धा होतात, सांस्कृतिक कार्यक्रम होतात. वर्षातून एखादी संध्याकाळ अशा एका पटासाठी ठेवावी आणि नंतर तासभर चर्चा करावी, असे मला सुचवावेसे वाटते. पट जैन धर्मावरचाच असावा असे नाही. उलट, परक्या प्रदेशातील परकी माणसे पाहताना आपली तत्त्वे पाठांतरातून सुटून विचारात उतरतात. तरुण मुले-मुली त्या चर्चेत निश्चित बोलतील. प्रवचनात ती गप्प असतात, ती विषय नकोसा असतो म्हणून नव्हे, तर प्रश्न विचारायला जागा नसते म्हणून.

दुसरी सूचना घरापुरती आहे. आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, आणि पंचकल्याणकापासून पारण्यापर्यंत सारे काही टिपले जात आहे. टिपण्यापूर्वी दोन प्रश्न मनाला विचारावेत. माझ्या टिपण्याने समोरच्याचे चित्त ढळेल काय? आणि या क्षणी माझी जागा भिंगामागे आहे, की समोरच्या माणसापाशी? पहिल्याचे उत्तर ‘नाही’ आणि दुसऱ्याचे ‘भिंगामागे’ असे येईल, तेव्हा खुशाल टिपावे, आणि जीव ओतून टिपावे. घरातील वृद्धांचे बोलणे, जुन्या ओव्या, बस्तीतील पूजेच्या चाली अशा कितीतरी गोष्टी टिपल्या नाहीत तर पुढच्या पिढीला मिळणार नाहीत. एरवी यंत्र पिशवीत ठेवावे आणि हात जोडायला मोकळे राहावेत.